चौतीस ते त्रेचाळीस

तेवीस चित्रपटांत एवाल्ड चिर्नर एकोणीस वेळा मेला. दोनदा फासावर, चारदा बायकांच्या हातून, एकदा द्राक्षं तुडवायच्या हौदात बुडून. एकदा तर नुसता जेवता जेवता मेला, कारण दिग्दर्शकाला त्याचं पुढे काय करायचं ते सुचेना. उरलेल्या चार चित्रपटांत तो जगला, पण त्यातल्या दोन भूमिका प्रेताच्याच होत्या.

त्याचा चेहराच तसा होता. लांबोडका, गालफडं बसलेली, डोळे पाण्यात पडलेल्या काचेसारखे. जुन्या चर्चमधल्या लाकडी संताला कोट घालून ट्राममध्ये बसवावं, तसा तो दिसे. त्याच्या शेजारी कुणी बसलं की आधी खिसा चाचपून पाही. म्युनिकमध्ये त्या काळी चित्रपट काढणारी एक नवी, बंडखोर जमात होती. लोकांना हादरवायचं, चिडवायचं, खुर्चीतून उठवायचं एवढाच त्यांचा धर्म. त्यांना असा चेहरा म्हणजे घबाडच. भ्रष्ट मठाधिपती हवा, चिर्नर. मेलेल्या बायकोचे केस विंचरणारा दंतवैद्य हवा, बोलवा चिर्नरला. दहा मिनिटांचं काम, शेवटी मरण, आणि नाव पाट्यांमध्ये इतकं खाली की ते येईपर्यंत लोक कोट चढवून बाहेर पडलेले असत.

हे झालं चेहऱ्याचं. आवाजाची गोष्ट निराळीच.

एवाल्ड मूळचा पूर्वेकडच्या सायलेशिया प्रांताचा. युद्ध संपल्यावर तिथून हुसकावलेल्या माणसांनी भरलेल्या मालगाडीतून तो पंधराव्या वर्षी आईबरोबर बव्हेरियात आला. शाळेतली पोरं त्याच्या बोलण्याला हसत. त्याचे शब्द गोलसर, मऊ, शेवटाला किंचित लांबवलेले. पुढे नाट्यशाळेत गुरूंनी ते उच्चार घासूनपुसून काढले, तरी तळाशी ती ऊब राहिलीच. त्या उबेवरच त्याला रेडिओचं काम मिळालं. रोज संध्याकाळी सातला पाच पाच मिनिटं मुलांना झोपेची गोष्ट सांगायची. कार्यक्रमात त्याचं नाव कंदीलकाका. ‘पांघरूण घेतलंत का?’ असं म्हणून तो सुरुवात करी, आणि साऱ्या बव्हेरियातली मुलं हनुवटीपर्यंत पांघरूण ओढून घेत. अकरा वर्षं हे चाललं होतं. घराचं भाडं, कोळसा, बायकोच्या दम्याची औषधं, सगळं कंदीलकाकांवर. चित्रपटांवर फार तर सिगारेटी भागत.

रेडिओच्या करारात एक कलम होतं. मुलांच्या कानी पडू नये अशा कुठल्याही ठिकाणी कंदीलकाकांचा आवाज ऐकू येता कामा नये. त्यामुळे चित्रपटांत एवाल्डचे फक्त ओठ हलत. आवाज मागाहून दुसरा कुणी भरी. बहुतेक वेळा तो दुसरा म्हणजे आल्फोन्स त्सीरर.

आल्फोन्स गोलमटोल, गुलाबी, सदा घामेजलेला. आवाज मात्र तळघरातून आल्यासारखा. दोघांची जुनी दोस्ती. नदीकाठच्या बागेत बिअर पिताना आल्फोन्स म्हणे, “लेका, तुझं थोबाड आणि माझा गळा मिळून एक धड नट होतो. उरलेलं तुझं शरीर आणि माझं पोट विकायला काढू या का?”

“तुझ्या पोटाला गिऱ्हाईक मिळेल,” एवाल्ड म्हणे. “माझं शरीर लोकांनी फुकटात पाहिलंय.”

हसण्यावारी जायचं ते. पण एवाल्डच्या बायकोला, हेडविगला, नवऱ्याचा स्वभाव ठाऊक होता. ती नगरनाट्यगृहात प्रॉम्प्टर होती. रंगमंचाच्या पुढल्या खोक्यात मान तेवढी वर काढून, एका मिणमिणत्या दिव्याखाली वीस वर्षं तिने नटांना त्यांचे शब्द पुरवले होते. कोणता नट कुठे अडखळणार ते तिला त्याच्या श्वासावरून कळे. घरी आल्यावर एवाल्ड कधी कधी स्वयंपाकघरात उभा राहून आपलीच चित्रपटातली वाक्यं, जी पडद्यावर आल्फोन्सने म्हटली होती, ती स्वतःच्या आवाजात म्हणून पाही. हेडविग पाठमोरी राहून बटाटे सोलत ऐके.

मग त्र्याहत्तरच्या नोव्हेंबरात इटलीतल्या त्रिएस्तेचं काम आलं.

दिग्दर्शक रुजेरो वास्कोत्तो. ठेंगणा, तिखट, गळ्याला दोन मफलर. कथा अशी: युद्धानंतर एक श्रीमंत विधवा आपल्या बंगल्यावर जुन्या राजवटीतल्या बड्या माणसांना जेवायला बोलावते, दारातच त्यांचे कपडे उतरवून घेते, आणि एकेकाला जेवणाच्या टेबलावर उभं करून कबुलीजबाब द्यायला लावते. एवाल्ड न्यायाधीश. अंगावर गळ्यातल्या पदकाखेरीज धागा नाही. बाहेर समुद्रावरून बोरा वारा सुटलेला, बंगल्याच्या अर्ध्या काचा फुटलेल्या, आणि टेबलावरचं सूप खोटं असलं तरी गार खरंखुरं.

इटलीत चित्रीकरणाच्या वेळी आवाज घेतच नसत. प्रत्येक नट आपापल्या भाषेत बोले, आणि ज्याचे संवाद अजून लिहून झाले नसतील तो सरळ आकडे म्हणे. ओठ हलले म्हणजे झालं, शब्द मागाहून. न्यायाधीशाचा कबुलीजबाब वास्कोत्तोने अर्थातच लिहिला नव्हता.

त्याला जर्मन येत होतं, म्हणजे त्याला तसं वाटत होतं. तो टेबलापाशी खालून ओरडला, “चिर्नर! तू मोजतो! हळू मोजतो, मनापासून मोजतो. त्रेचाळीस आला, गुडघ्यावर! समजला?”

“त्रेचाळीस,” एवाल्ड वर कुडकुडत म्हणाला. “समजलं.”

आता गंमत पाहा. जर्मन माणूस आकडा आपल्यासारखाच बोलतो, आधी एकं आणि मग दहं. इटालियन माणूस आधी दहं सांगतो. वास्कोत्तोला म्हणायचं होतं चौतीस. त्याच्या डोक्यात तीन आधी, चार मागून. तीच ओळ त्याने जर्मन शब्दांत लावली, आणि तोंडातून निघालं त्रेचाळीस. कॅमेरावाल्याला, दिवेवाल्यांना, हातात सुपाचं भांडं घेऊन उभ्या असलेल्या विधवेला त्याने इटालियनमध्ये बरोबर चौतीस सांगितलं होतं. चुकीचं ऐकलं ते फक्त टेबलावर उभ्या असलेल्या उघड्या माणसाने.

एवाल्ड मोजत गेला. चांगलं मोजलं त्याने. गोष्ट सांगावी तसं, एकेका आकड्याला जागा देत. चौतीस आलं. विधवेने सुपाचं भांडं उचललं, दिवेवाल्याने दिवा फिरवला, पण न्यायाधीश गुडघ्यावर आलाच नाही. एवाल्डने डोळ्याच्या कोपऱ्यातून पाहिलं: दिग्दर्शक दोन्ही हात हवेत नाचवतोय, विधवा भांडं धरून ताटकळलीये, सगळे त्याच्याकडे बघताहेत. आपलं काहीतरी चुकलंय. काय चुकलंय? थंडीने पोटऱ्या लटलटत होत्या. पण त्रेचाळीस म्हणजे त्रेचाळीस. विंगेत आग लागली तरी नट आपला प्रवेश पुरा करतो, एवढं एक त्याला येत होतं. पस्तीस. छत्तीस. प्रत्येक आकड्यागणिक तो एकेका चेहऱ्याकडे पाहत होता, माझा गुन्हा काय ते कुणीतरी सांगा म्हणून. त्रेचाळीस म्हटल्यावर तो गुडघ्यावर आला, आणि विधवेने घाईघाईत ओतलेलं सूप त्याच्या डोक्याऐवजी टेबलावर सांडलं.

वास्कोत्तो टेबलावर चढला. त्याने एवाल्डचे गार गाल दोन्ही हातांत धरले आणि खाली उतरला. पुन्हा चित्रीकरण केलंच नाही.

इटालियन आवृत्ती निघाली तेव्हा त्या जागी कुणा दुसऱ्याच नटाने म्हटलेली एक लांबलचक अभद्र प्रार्थना भरली होती. चित्रपटावर खटला झाला, डबे जप्त झाले, सुटले. वर्तमानपत्रांनी शिव्या घातल्या आणि शिव्यांच्या मधेच लिहिलं की तो टेबलावरचा जर्मन कोण आहे ते कळत नाही, पण त्याचा चेहरा विसरता येत नाही.

पुढच्या वसंतात जर्मन आवृत्तीचं काम म्युनिकमध्ये सुरू झालं आणि एका सकाळी आल्फोन्सचा फोन आला.

“चिर्नर, तू त्या टेबलावर काय बरळलायस? माझ्या कागदावर प्रार्थना आहे, आणि तुझे ओठ नुसते फ-फ करतायत! पेट्रोलच्या गाडीसारखे!”

“आकडे आहेत ते. फीअर, फ्युन्फ. चार आणि पाच, दोन्ही फनेच सुरू होतात ना.”

“माहितीये मला कशाने सुरू होतात! इटालियन माणसाला नाही कळलं, पण इथलं शेंबडं पोरही ओठ बघून सांगेल की हा बाबा मोजतोय. ये इकडे. ओबरमोजर डोकं आपटून घेतोय.”

ओबरमोजर म्हणजे आवाज भरण्याच्या कामाचा प्रमुख. एवाल्ड स्टुडिओत गेला. काळोख्या खोलीत पडद्यावर तो तुकडा मुका चालू होता. संपला की पुन्हा पहिल्यापासून. एवाल्डने तो पहिल्यांदाच पाहिला. आपलाच चेहरा, आणि तरी ओळखीचा नाही. चौतीसपर्यंत ठीक होता, अनुभवी नटाचा. चौतीसनंतर तिथे नट नव्हताच.

“प्रार्थना बसत नाही,” ओबरमोजर म्हणाला. “मग आकडेच ठेवू. पण चिर्नर, मला एक सांगा, हा न्यायाधीश मोजतोय काय? काहीतरी मोजत असेल ना?”

“जेवणाची पानं,” आल्फोन्स म्हणाला. “माझ्या मामाला तीच सवय होती.”

एवाल्ड पडद्याकडे बघत राहिला. “सह्या,” तो म्हणाला. “फाशीच्या ज्या कागदांवर त्याने सही केली, ते.”

खोलीत कुणी हसलं नाही. त्या शहरात नाझी राजवटीत अशा सह्या करणारे कितीतरी हात अजून पेन्शन घेत होते.

आल्फोन्सने चारदा म्हणून पाहिलं. चांगलं म्हटलं, पण त्या तळघरातल्या आवाजाने न्यायाधीश राक्षस होऊन बसे. राक्षसाची भीती वाटते, लाज वाटत नाही. पाचव्यांदा त्याने कानावरची यंत्रं काढून ठेवली.

“ओबरमोजर, हे माझ्याच्याने नाही होत. याला म्हणू दे.”

“त्यांचं कलम?”

“आवाज कुणी दिला ते पाट्यांत येतं का कधी? कागदावर मी. कुणी विचारलं तर मी. झालं!”

एवाल्डने एक दिवस मागून घेतला.

त्या दुपारी हेडविग मुळ्याच्या चकत्यांना मीठ लावत बसली होती. त्याने सगळं सांगितलं. भाडं, कोळसा, औषधं, हे त्याने सांगितलं नाही; ते दोघांनाही पाठ होतं.

“आवाज ओळखतील?” तिने विचारलं.

“सात वाजता ऐकणारं प्रत्येक घर ओळखेल.”

“आणि तू नाही म्हटलास तर?”

“तर आल्फोन्स म्हणेल. चांगलं म्हणतो तो.”

हेडविगने चकत्यांची ताटली त्याच्याकडे सरकवली. “एवाल्ड, वीस वर्षं मी लोकांना त्यांचे शब्द देतेय. अडला की दिला. तुला इथे माझी गरज नाही. आकडे तर तुला येतात.”

“हेडी, थट्टा नको.”

“थट्टा नाही. स्वयंपाकघरात तू म्हणतोस ते मला ऐकू येतं. मी बहिरी नाहीये. बटाटे सोलताना तर मुळीच नाही.”

दुसऱ्या दिवशी त्याने एका दमात म्हटलं. एक ते त्रेचाळीस. चौतीसनंतर त्याने काही केलं नाही, फक्त पडद्यावरच्या त्या माणसाच्या मागोमाग गेला.

म्युनिकच्या श्वाबिंग भागातल्या एका छोट्या चित्रपटगृहात दुपारी तीनच्या खेळाला चित्रपट लागला. हेडविग आणि एवाल्ड मागल्या रांगेत बसले. सभागृह अर्धं भरलेलं. बरेचसे विद्यार्थी, काही बायका, पुढे हॅट घातलेला एक वयस्क गृहस्थ. न्यायाधीश टेबलावर चढला. “एक,” तो म्हणाला. “दोन.”

तिसऱ्या आकड्याला मधल्या रांगेतून एका बाईचा आवाज आला, “अगंबाई! हे तर आमचे कंदीलकाका!”

मग कुणी टारगट ओरडला, “काका, पांघरूण घेतलंत का?”

सभागृह कोसळलं. लोक खुर्च्यांच्या पाठी बडवून हसत होते. “काका, थंडी वाजेल!” “काका, गोष्ट कुठली आज?” वर तो उघडा माणूस मोजतच होता, त्याच मऊ, उबदार आवाजात. उठून जावं असं एवाल्डला वाटलं. रंगमंचावर हशा चुकीच्या जागी आला तर नट काहीतरी करू शकतो, थांबू शकतो, आवाज चढवू शकतो. इथे तो मागल्या रांगेत नुसता बसलेला, आणि जे करायचं ते सहा महिन्यांपूर्वी गारठलेल्या बंगल्यात करून झालेलं.

“थांब,” हेडविग कुजबुजली. खोक्यातून बोलायची तीच तिची कुजबूज, अडलेल्या नटालाच फक्त ऐकू जाईल अशी. “अजून तुझी जागा आली नाही.”

वीसच्या पुढे हशा विरळ झाला. तिशीला तुरळक खोकले. चौतीस. मग तो चेहरा बदलला, आणि ज्या आवाजाने त्यांच्या मुलांना झोपवलं होतं तोच आवाज सह्या मोजत राहिला. पस्तीस. छत्तीस. सदतीस. त्या टारगटाने पुन्हा काही म्हणायला तोंड उघडलं असेल, पण आवाज फुटला नाही. चाळीसला हॅटवाले गृहस्थ उठले, कुणाच्याही पायांना धक्का न लागू देता शिस्तीत बाहेर गेले. त्रेचाळीस. सूप टेबलावर सांडलं, आणि ते सांडल्याचा आवाज शेवटच्या रांगेपर्यंत ऐकू आला.

रेडिओकडून पत्र यायला आठवडा लागला. मुलांच्या कार्यक्रमांच्या प्रमुख झेडलमायरबाई. उंच, चष्मा साखळीला अडकवलेला, स्वतः तीन मुलांची आई. त्यांनी एवाल्डला कॉफी दिली, हे चांगलं लक्षण नव्हतं.

“चिर्नर, माझ्याकडे दोनशे सहा पत्रं आलीत. एका आईने लिहिलंय, तिचा मुलगा आता काकांचा आवाज लागला की विचारतो, हे काका काय मोजत होते?”

“मुलाला कुणी सांगितलं?”

“घरात मोठी माणसं बोलतात. मुलं कान देऊन असतात. आपण दोघं त्यावरच तर पोट भरतो.” बाईंनी चष्मा डोळ्यांवर चढवला. “आता नीट ऐका. त्सीरर नावाच्या गृहस्थांचा फोन आला होता. ते म्हणतात, तो आवाज त्यांचा. तुमची नक्कल केली, चेष्टा म्हणून. लेखी द्यायलाही तयार आहेत.”

एवाल्डने कप खाली ठेवला.

“पाट्यांत आवाजाचं नाव नाही. उलटं सिद्ध करायला कुणी येणार नाही. मी चार ओळींचा खुलासा छापून आणीन, आणि सोमवारी तुम्ही नेहमीसारखे ध्वनिमुद्रणाला या. तुम्हाला बोलायचीही गरज नाही. नुसती मान हलवा.”

सोपं होतं. अकरा वर्षं त्याने चेहरा इकडे आणि आवाज तिकडे ठेवला होता. आणखी एकदा ठेवायचा. तो खरोखर मान हलवणारच होता. पुढे हेडविगला त्याने हे प्रामाणिकपणे सांगितलं. पण त्याच्या डोळ्यांपुढे आल्फोन्स आला, आपल्या तळघरातल्या आवाजात ‘ही नक्कल मीच केली’ म्हणून सांगणारा. टेबलावरचं ते एक मिनिट आयुष्यात कधी नव्हे ते अख्खं एवाल्डचं स्वतःचं झालं होतं, चूक धरून. आणि तेही आता आल्फोन्सच्या नावावर चढणार होतं, आल्फोन्सच्याच चांगुलपणामुळे.

“त्सीरर खोटं बोलतोय,” तो म्हणाला. “चांगला माणूस आहे. आवाज माझा आहे.”

“चिर्नर, विचार करा.”

“केला. माझा आहे.”

बाईंनी बराच वेळ चमचा कपात फिरवला. मग करार फायलीतून काढून बाजूला ठेवला. “तुमच्या जागी कुणाला घ्यावं ते मला सुचत नाहीये,” त्या म्हणाल्या. “एक विचारू? ते शेवटचे आकडे म्हणताना तुमच्या मनात काय होतं? आमच्या यजमानांचं म्हणणं, तुम्ही एखाद्या खऱ्या माणसाचा विचार करत असाल.”

“नाही हो. आपलं काहीतरी चुकलंय आणि काय ते कळत नाहीये, एवढंच होतं.”

बाईंनी मान डोलावली आणि दारापर्यंत सोडायला आल्या, जे त्या कधी करत नसत.

खाली रस्त्यावर आल्फोन्स ब्रेझेल, म्हणजे खारा वळलेला पाव, खात उभा होता. एवाल्डचा चेहरा पाहून त्याने ओळखलं.

“हो म्हणालास! गाढवा! मी आयुष्यात पहिल्यांदा रेडिओच्या बाईंशी खोटं बोललो, घामाने शर्ट भिजला माझा, आणि तू वर जाऊन हो म्हणून आलास?”

“हो.”

“मग आता खाणार काय?”

“आता मला कुठलं कलम नाही. ओबरमोजरला विचारीन. दुसऱ्यांच्या तोंडात आवाज भरायचं काम असेल तर. आणि यापुढे माझ्या तोंडात मीच भरीन.”

आल्फोन्स चावायचा थांबला. “म्हणजे माझं काम गेलं! तुझ्या थोबाडावर माझं अर्धं घर चालतं, चिर्नर, हे डोक्यात आलं का तुझ्या?”

ते एवाल्डच्या डोक्यात आलं नव्हतं. तो भर रस्त्यात उभा राहिला, आणि तेच ते पडद्यावरचे डोळे आल्फोन्सकडे लागले.

“बघू नकोस तसा,” आल्फोन्सने उरलेलं ब्रेझेल मोडून अर्धं त्याच्या हातात कोंबलं. “मी काही न्यायाधीश नाही. चल, हेडीला सांगू. तू सांग, मी मागे उभा राहतो. नाहीतर मीच सांगतो, तू ओठ हलव.”

“नाही,” एवाल्ड म्हणाला. “मी सांगतो.”